मंडपावर तरंगणारा माणूस

अकोल्याच्या वर्षालीने आठ वर्षांत एकवीस छोटे विनोदी चित्रपट लिहिले. एकातली स्कूटर कौतुक केल्याशिवाय सुरू व्हायची नाही, दुसऱ्यातल्या मास्तरांची सावली परस्पर रजेवर जायची. असल्या उद्योगावर कुणी जगतं का, असं नातेवाईक विचारत. ती मजेत जगत होती.

बाविसावा मात्र तिने घरातूनच उचलला. लग्न म्हटलं की एक तरी माणूस मानपानावरून रुसतो आणि शेला-टोपी घेऊन चारजणांनी विनवल्याशिवाय पंगतीला बसत नाही. वर्षालीच्या घरात हे खातं तिच्या वडिलांच्या थोरल्या भावाकडे, म्हणजे शेषराव मोठेबाबांकडे. चित्रपटातला माणूस रुसला की हलका होतो, समजूत काढायला कुणी येत नाही म्हणून आणखी हलका होतो आणि शेवटी मंडप फाडून आभाळात निघून जातो. खाली पंगत उठते.

अमरावतीला पहिला खेळ होता. पाहते तर तिसऱ्या रांगेत मोर्शीहून एसटीने आलेले मोठेबाबा. दिग्दर्शक योगेशने, त्या शहाण्याने, त्यांना पास पाठवला होता. लहानपणी संत्र्याच्या बागेत वर्षालीच्या थापा कान देऊन ऐकणारा हा एकच माणूस. तोच दुखावला तर लिहायचं कुणासाठी?

लोक हसून हसून बेजार झाले. मोठेबाबा हसले नाहीत. सभागृह रिकामं झालं तरी ते खुर्चीतच बसून होते.

"राग आला का, मोठेबाबा?"

"राग कायचा? मीच हाओ तो. टोपी बी अशीच फेकतो मी." त्यांनी रिकाम्या पडद्याकडे बोट केलं. "पण तो वर गेल्यावर कोणी हाक नाई मारली त्याले?"

"नाही."

"काहून? माणूस रुसते कायले, पोरी? कोणी बोलवाले यावं म्हणूनच ना."

गेल्या वर्षी तिच्या भावाच्या लग्नात मोठेबाबा रुसून बसले, तेव्हा 'येतील आपोआप' म्हणत सगळे जेवले होते. ते तसेच उपाशी मोर्शीला गेले. वर्षालीही जेवली होती, आणि त्यावरच तिने हा चित्रपट लिहिला होता. तिला स्वतःची लाज वाटली.

"चला मोठेबाबा, जेवाले चला."

"मले भूक नाई."

तिने पुन्हा म्हटलं. मग हात धरून म्हटलं. चौथ्यांदा म्हटल्यावर ते उठले.