वारसाचं कलम

आमच्या मालकाला करारावर सही करायला कधी काही वाटलं नाही. करार पाळायचा म्हटलं की मात्र त्याच्या पोटात दुखायचं. कागलच्या एमआयडीसीत आमची फाउंड्री. युनियनशी झालेल्या करारात एक कलम होतं: कामगार नोकरीत असताना वारला, तर त्याच्या एका मुलाला कायम नोकरी. आमच्यातला आकाराम भट्टीपाशीच कोसळून गेला आणि मालक म्हणाला, ते कलम आता जुनं झालं.

हंबीरराव आमच्या युनियनचा सेक्रेटरी. मंगळवार पेठेत त्याच्या आणि माझ्या घरात एकच भिंत. तो कोर्टात गेला, रजा टाकून टाकून तारखांना उभा राहिला. शेवटी कोर्टानं मालकाला ठणकावलं, करार पाळा, पोराला कामावर घ्या. आम्ही हंबीररावाला खांद्यावर घेऊन नाचलो. पेढे त्याच्याच घरी वाटले.

त्याचा मुलगा सयाजी पेढा हातात धरून नुसता बसला होता. तो दुसरीकडं कंत्राटावर, आज आहे तर उद्या नाही. अनुजाचं आणि त्याचं एकमेकांशी जमलं होतं, पण तिचे वडील 'पर्मनंट झाला की बोलू' म्हणून उठून गेले होते. आता आकारामचा पोरगा पर्मनंट झाला आणि लगेच त्याचं लग्नही ठरलं. हंबीरराव रिटायर व्हायला थोडेच महिने राहिले होते. त्या घरात काय शिजायला लागलं ते सांगायला ज्योतिषी नको.

बोललं कुणीच नाही. पण भिंत एकच, मला कळायचं. हंबीररावाला ब्लडप्रेशर. गोळ्या संपायच्या आत त्याची बायको, आक्का, पोराला दुकानात पिटाळायची. आता पाकीट रिकामं पडून राहायचं. डब्यात बेताचं मीठ असायचं, तिथं तांबडा रस्सा आणि खाराची मिरची आली. हेल्मेटवरून बापाशी भांडणारा सयाजी आता बाप बोडक्या डोक्यानं हायवेला लागला तरी वर बघत नव्हता. हंबीरराव मला कौतुकानं सांगायचा, बायकोला म्हातारपणी नवऱ्याची जीभ कळली. त्यानं पुढं केलेला रस्सा मी तसाच परत सरकवला.

त्याच्या नोकरीच्या शेवटच्या आठवड्यात एका सकाळी भिंतीपलीकडून कण्हणं ऐकू आलं. धावलो. हंबीरराव छाती धरून जमिनीवर पडलेला. आक्का देवापुढं बसली होती. सयाजी दारात चप्पल शोधत होता, आणि चप्पल त्याच्या पायात होती. मी हंबीररावाला उचलून रिक्षात घातलं. वाचला. परत आलो तर आक्का दार अडवून उभी.

"तुमास्नी कुणी बोलवलंतं?" ती म्हणाली.

मला तिची किळस आली. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, म्हणून माझीही आली.

रिटायरमेंटच्या दिवशी हंबीरराव डॉक्टरांचं न ऐकता कारखान्यात आला. मालकानं स्वतःच्या हातानं हार घातला, शाल आणि नारळ दिला. तब्येत सांभाळलीत, फार बरं केलंत, असं म्हणत तो हसला. इतका खूश मालक मी कधी पाहिला नव्हता.

संध्याकाळी मी हंबीररावाला घरी सोडायला गेलो. बायकोला दाखवायला म्हणून त्यानं हार गळ्यातच ठेवला होता. आत गॅस पेटला नव्हता. आक्का तोंडाला पदर लावून भिंतीला टेकलेली, सयाजी गुडघ्यांत मान घालून बसलेला. काही शिजलं नाही हे बघून माझ्या बायकोनं पिठलं-भाकरी आणून झाकून ठेवली होती, मयताच्या घरी ठेवतात तशी.

हंबीरराव उंबऱ्यातच थांबला. "कोण गेलं गं?"

आक्कानं पदर बाजूला केला.

"कुणीबी न्हाय," ती म्हणाली.

हंबीरराव खाली बसला आणि गळ्यातला हार काढायला लागला.