शाळेसमोरचा गतिरोधक

“आवं, खणू देऊ नगासा त्येला! तुमाला तरी कळाय पायजे!” रंगूबाई नवऱ्यावर ओरडली. तोवर जेसीबीचे दात शाळेसमोरच्या गतिरोधकाला लागले होते.

लालासाहेब जाधव सैन्यातून निवृत्त झालेले सुभेदार. टीव्हीवर राष्ट्रगीत लागलं तरी घास खाली ठेवून उभे राहणारे. रहिमतपूरजवळच्या त्यांच्या गावावरून आंतरराष्ट्रीय सायकल शर्यत जाणार होती, आणि परदेशी पाहुण्यांना रस्त्यात उंचवटा चालत नव्हता.

हा गतिरोधक कुणी आपणहून दिलेला नव्हता. गेल्या हंगामात शाळेतून घरी येताना त्यांची नात शिवांजली उसाच्या ट्रॅक्टरखाली गेली. दुसऱ्या दिवशी अख्खं गाव रस्त्यावर बसलं, तेव्हा कुठे तो झाला.

“अगं, सारं जग बघनार हाय,” लालासाहेब म्हणाले. “देश कसा बदललाय ते दिसाय नगं? शर्यत झाली की बांधकाम खात्याचे साहेब परत बसवून देनार हायेत. म्या शब्द घेतलाय.”

गावाने हे काम होऊ दिलं नसतं. पण ज्याची नात गेली तोच हो म्हणतोय म्हटल्यावर बोलणार कोण?

शर्यत आली नि गेली. फेटे बांधलेल्या पोरांचे झेंडे वर होईपर्यंत सायकली पुढच्या गावात पोचल्यासुद्धा. लालासाहेबांनी छातीवर पदकं लावून कडक सलाम ठोकला. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि ते खोटं नव्हतं.

नंतर त्यांनी साहेबांना फोन केला.

“सुभेदार, तो आता आंतरराष्ट्रीय दर्जाचा रस्ता आहे. त्याच्यावर असलं काही करता येत नाही.”

पुढे साहेबांनी फोन उचलणंच सोडलं. उसाचा हंगाम लागला. असा गुळगुळीत रस्ता मिळाल्यावर ट्रॅक्टरवाल्यांना काय, गाणी लावून दोन-दोन ट्रॉल्या सुसाट.

एके दिवशी शाळा सुटायच्या वेळेला रंगूबाईने घरातली बाज फरफटत आणली, भर रस्त्यात टाकली आणि तिच्यावर बसली. ट्रॅक्टर करकचून थांबला.

“ओ आजी, मरायचंय व्हय?”

तिने तिकडे पाहिलंसुद्धा नाही. लालासाहेब धावत आले. तिला उठवायला पुढे केलेला हात तसाच राहिला.

“माजं चुकलं गं,” ते म्हणाले.

“बसा,” ती म्हणाली आणि बाजूला सरकली.

ते बसले. मागे हॉर्न वाजत होते. पोरं रस्ता ओलांडू लागली. शिवांजलीच्या वर्गातल्या मुली समोरून गेल्या. रंगूबाई एकेकीचं तोंड बघत होती. लालासाहेबांना मान वर करवली नाही.