चौथं बटण

तिला सगळे मधलीच म्हणायचे. घरात एक थोरली, एक धाकटी आणि मधे ही. पुढे ती वीजखात्यात लागली, तर देशही निघाला मधलाच. माणसाच्या नशिबात एखादी गोष्ट असली की ती खात्यामार्फतही पाठ सोडत नाही.

वरच्या अंगाला थोरला शेजारी. त्याच्याकडे नदी, धरणं, सैन्य आणि रुसायची हौस. खालच्या अंगाला धाकटा. त्याच्याकडे एक बंदर, भरपूर स्वाभिमान आणि दिवसाकाठी आठ तास वीज. थोरल्याकडे वीज सांडत होती, धाकट्याकडे दवाखाने मेणबत्त्यांचा साठा करत होते, आणि दोघांच्या मधे हा देश, ज्याच्याकडे सांगण्यासारखं काय, तर मधली जागा. तिन्ही देशांच्या तारा जोडून एकच जाळं करायचं, असा करार अकरा वर्षं चर्चेत होता. त्या अकरा वर्षांत तारा ओढून झाल्या, खांब गंजले, पुन्हा रंगवून झाले. एका पुलाच्या नावावरून दोन वर्षं राजदूत परत बोलावले गेले. फळांवर बंदी आली, मग सिमेंटवर, मग एकदा चुकून बर्फावर.

चालू राहिला तो मधलीच्या टेबलावरचा काळा फोन.

नियंत्रण कक्षात दर तासाला तो वाजायचा. आधी थोरल्याकडचा ऑपरेटर, मग धाकट्याकडचा. आपापल्या विजेचा वेग, म्हणजे पन्नासच्या आगेमागे असलेला एक आकडा, सांगायचा, मधलीनं आपला सांगायचा, वहीत टिपायचं. बावीस वर्षं. राजदूत नव्हते तेव्हाही. तो बंद करायचा आदेश निघाला नाही, कारण तो चालू आहे हे वरती कुणाला ठाऊकच नव्हतं. तिघांनी एकमेकांची तोंडं कधी पाहिली नव्हती. तीन भाषांची भेसळ करून बोलायचे. थोरल्याकडच्याला ती दादा म्हणायची, धाकट्याकडचा तिला ताई. दादाच्या गुडघ्याचं ऑपरेशन कधी झालं हे तिला ठाऊक होतं; त्याच्या देशाचं परराष्ट्र धोरण मात्र त्यालाही ठाऊक नव्हतं.

अखेर करार ठरला आणि जोडणीच्या दिवशी साडेदहाला शिष्टाचार अधिकारी कक्षात आले. चकचकीत बूट, काखेत फाइल, हातात मखमलीची पेटी. पेटी त्यांनी मधलीच्या टेबलावर ठेवून उघडली. आत पितळी बटण.

"हे काय, साहेब?"

"चौथं बटण."

"देश तर तीनच आहेत ना?"

अधिकारी दमल्यासारखे खुर्चीत बसले. त्या खुर्चीचं एक चाक गेलेलं होतं, तिथं एका जुन्या परिपत्रकाची घडी लावलेली होती. ते जरा कलंडलेच. "थोरल्यांची अट, आमचं बटण पहिलं असेल. धाकट्यांची अट, आमचं शेवटचं नसेल. आपण म्हटलं, आमचं शेवटचं ठेवा. तर थोरले म्हणाले, शेवटच्या बटणानं वीज जोडली जाते, म्हणजे श्रेय तुमचं. सात महिने बसलो, मॅडम! शेवटी कलम चौदा: चौथे बटण असेल व ते कोणत्याही देशाचे नसेल."

"आणि हे कशाला जोडलंय?"

"कशालाच नाही."

"आणि वरच्या सभागृहातली तीन?"

"तीही कशालाच नाहीत. अकरा वाजता तिन्ही मंत्री बटणं दाबतील. त्याच सेकंदाला तुम्ही खरे दोन्ही स्विच ओढायचे, मग हे दाबायचं. वीज जोडली की सभागृहाच्या भिंतीवरचा नकाशा उजळेल, टाळ्या होतील."

मधलीनं समोरच्या पटलाकडे बोट केलं. तिथं घड्याळासारख्या दोन तबकड्या होत्या, प्रत्येकीत एक काटा. एक थोरल्याच्या तारेचा, एक धाकट्याच्या. दोन्ही काटे गोल फिरत होते, एक सुलटा, एक उलटा.

"साहेब, काटा सुलटा, सावकाश फिरत वर बाराशी येतो, तेव्हाच त्याचा स्विच ओढता येतो. तुमच्या घड्याळात अकरा वाजून चालत नाही, त्याच्या तबकडीत बारा वाजावे लागतात. भलत्या वेळी ओढला, तर यंत्रांचे दोनशे टनांचे दांडे ओल्या कपड्यासारखे पिळून निघतील. तिन्ही देशांत."

"आणि नकाशा उजळला नाही, तर थोरल्यांचे मंत्री उठून जातील. विमान चालूच ठेवायला सांगितलंय त्यांनी. ते उठले की करार गेला, मॅडम. आणखी अकरा वर्षं."

म्हणजे ओढला तर यंत्रं मोडणार, थांबवला तर करार. इकडे आड, तिकडे विहीर, आणि नेहमीसारखी मधे मधली.

अकराला दहा मिनिटं असताना तिनं काळ्या फोनवर दोन्ही शेजाऱ्यांना एकदम जोडून घेतलं.

"दादा, तुमचा काटा माझ्याशी जुळत नाहीये. तुमचा वेग जास्त आहे, जरा खाली या ना."

"मधले, मी काय येतो खाली? नव्वद यंत्रं आहेत माझ्याकडे. एवढा हत्ती कुणी ढकलायचा? तूच ये वर."

"ताई, मी येतो तुमच्यामागं," धाकट्याकडचा म्हणाला. "पण हळू चला. माझी चारच यंत्रं आहेत, आणि त्यातलं एक आज नाराज आहे."

हे सगळं ती बावीस वर्षं ओळखून होती. थोरला हलत नसतो. मधल्यानं त्याच्याजवळ सरकायचं आणि सरकताना धाकट्याला बोटाशी धरायचं. तिनं दुसऱ्या फोनवरून आपल्या वीजकेंद्रांना सांगितलं, थोडं चढवा, अजून थोडं, बास. काटे मंदावू लागले. पण सहा-सात मिनिटं तरी लागणार होती, आणि घड्याळात अकराला दोनच कमी.

"साहेब," ती काट्यावरची नजर न हलवता म्हणाली, "लहानपणी आम्ही बहिणी भिंतीला हात लावून उभ्या राहायचो. जी आधी हात काढेल ती हरली. एकदा थोरली आणि धाकटी दुपारभर उभ्या होत्या. मी तेवढ्यात दोघींच्या वाटणीचं दूध पिऊन आले."

अधिकाऱ्यांनी तिच्याकडे पाहिलं. मग बुटांची पर्वा न करता जिन्यावरून धावले.

कक्षातल्या टीव्हीवर सभागृह दिसत होतं. अकरा वाजले. तिन्ही मंत्र्यांनी बटणं दाबली. नकाशा काळाच. थोरल्यांच्या मंत्र्यांची भुवई वर गेली. एवढ्यात धापा टाकत अधिकारी माईकपाशी पोचले आणि गंभीरपणे म्हणाले, "जोडणीस प्रारंभ झाला आहे. तिन्ही राष्ट्रांचा दाब स्थिर राहील तोवर ती चालू राहील. कोणत्या राष्ट्राचा हात आधी निघाला, याची नोंद घेतली जाईल."

मग काय! तिन्ही बोटं बटणांवर जी रुतली ती रुतलीच. थोरल्यांच्या मंत्र्यांच्या कपाळावर घाम आला, कुणी पुसायला धजेना. धाकट्यांच्या मंत्र्यांनी दुसरा हात पाठीमागं बांधला, म्हणजे आम्हाला एकच पुरतो. मधल्या देशाचे मंत्री दोघांकडे आळीपाळीनं हसून पाहत राहिले. ते त्यांचं कामच होतं.

खाली मधलीचं टीव्हीकडे लक्षच नव्हतं. अकरा वाजून पाच मिनिटांनी धाकट्याचा काटा सुलटा, अगदी आळसात, बाराकडे निघाला. तिनं त्याच्या स्विचवर मूठ आवळली. आता. स्विच खटकन बसला. काटा थरथरला आणि जागीच उभा राहिला.

"ताई," फोनमध्ये आवाज अगदी बारीक झाला होता, "आमचा काटा थांबला."

"गप्प. दादा, आता तुम्ही."

दुसरा काटा. आला, जरा जोरात होता, तिनं जाऊ दिला. पुन्हा आला. तोही जाऊ दिला. तिसऱ्या फेरीला तो असा आला, जसा घरातला म्हातारा माणूस जेवायला पाटावर येतो. तिनं दुसरा स्विच ओढला.

काहीच झालं नाही. ना ठिणगी, ना धमाका. पायाखालची फरशी रोजच गुणगुणायची, ती जरा खालच्या सुरात गेल्यासारखी वाटली, एवढंच. आणि मधलीच्या अंगावर सर्रकन काटा आला. डोंगरातल्या धरणापासून बंदरावरच्या भट्टीपर्यंत, ज्या यंत्रांनी एकमेकांना कधी पाहिलं नव्हतं, ती सगळी या क्षणी एकाच ठेक्यात फिरत होती. एक दमलं तर दुसरी न सांगता त्याचा भार उचलणार होती. मधे पासपोर्ट नाही, कलम नाही. तिनं पटलावर तळहात ठेवला, झोपलेल्या बाळाच्या पाठीवर ठेवतात तसा, आणि उचलायचं विसरून गेली.

वर नकाशा उजळला. सभागृह उभं राहिलं. तिन्ही मंत्र्यांनी मात्र बोटं काढली नाहीत. शेवटी अधिकाऱ्यांनी तीनपर्यंत अंक मोजले, तेव्हा ती एकाच वेळी सुटली.

थोड्या वेळानं अधिकारी खाली आले. टाय कानामागं गेला होता.

"मॅडम, कलम चौदा राहिलं."

ती भानावर आली. पितळी बटणाकडे पाहिलं, आणि काळ्या फोनचा रिसीव्हर त्याच्याजवळ नेला. "दादा, धाकट्या, ऐका. हे आपलं." तिनं ते दाबलं. टिक असा आवाज झाला. करार पूर्ण झाला.

बारा वाजता फोन वाजला. तीन देश एकाच ठेक्यात आले, म्हणजे तिघांचा आकडा एकच असणार, हे तिघांनाही ठाऊक होतं. आता विचारण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

"पन्नास पॉइंट शून्य एक," दादा म्हणाला.

"पन्नास पॉइंट शून्य एक, ताई."

मधलीनं वही उघडली. बावीस वर्षांच्या तीन वेगळ्या रकान्यांखाली तिनं तोच आकडा तीनदा, सावकाश, लिहिला.

"माझाही," ती म्हणाली. "दादा, गुडघा कसाय?"