ऑब्रे पास्कचे सरळ चार ठोके

ऑब्रे पास्क परवा रेडिओवर पुन्हा तेच म्हणाला. हॉलिस ब्रॅकेटला म्हणे त्याचा ताल झेपला नसता, म्हणून दोघांचं जुळलं नाही. मुलाखत घेणारी पोरगी 'हो का, हो का' करत होती. मी स्वयंपाकघरात बटाटे सोलत होतो. माझी बायको ग्लेनिस म्हणाली, बंद कर तो रेडिओ, नाहीतर सुरी बोटात घुसवून घेशील. मी नाही केला. या माणसाच्या थापा मी चाळीस वर्षं ऐकतोय, अजून एक ऐकली तर काय बिघडतंय.

मी विल्फ गार्बेट, बिल्स्टनचा. टिन चॅपल या बँडमध्ये बेस गिटार वाजवायचो, आणि त्यातली सहा वर्षं या ऑब्रेच्या ड्रमशेजारी उभा राहून वाजवली. बेस आणि ड्रम म्हणजे एका गाडीला जुंपलेले दोन बैल. एकाने भलतीकडे मान वळवली की दुसऱ्याच्या मानेला हिसका बसतो. माझी मान अजून जागेवर आहे याचं मलाच नवल वाटतं.

ऑब्रे गिल्डफर्डकडचा. बाप दातांचा डॉक्टर, पोरगा संगीताच्या कॉलेजात शिकलेला. आमच्याकडे येण्याआधी त्याचा पॅरॅलॅक्स नावाचा जॅझ-फ्यूजनवाल्यांचा कंपू होता. त्यांच्या तीन रेकॉर्डी निघाल्या. त्या कोणी विकत घेतल्या देव जाणे, त्याच्या आईनेच घेतल्या असतील. सात मात्रा, अकरा मात्रा, सतरा मात्रा. समोर बसलेल्या माणसाने पायाने ताल धरला की तो चुकलाच पाहिजे, यात त्यांना कोण आनंद! शेवटी समोर बसायला माणसंच उरली नाहीत, तेव्हा हा नाकाने कांदे सोलणारा गृहस्थ आमच्यासारख्या धडामधुडुमवाल्यांकडे आला. थोड्या महिन्यांपुरता आलोय, असं पहिल्याच दिवशी आम्हाला ऐकवलं. ते महिने सहा वर्षं चालले.

आता खरं ते सांगायला हवं. आमचं जे एक गाणं देशभर वाजलं, ते रेकॉर्ड केलं त्या दिवशी ऑब्रे तापाने फणफणला होता. हातात नखरे करायला त्राण नव्हतं. म्हणून त्याने गाणं संपेपर्यंत नुसते सरळ चार ठोके धरले. एक, दोन, तीन, चार. बस्स. शपथेवर सांगतो, असा ठेका मी आयुष्यात दुसरा ऐकला नाही. जागचा हलत नव्हता, तरी जिवंत होता. आपल्या पायाखाली जमीन आहे असं मला त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं. पण कोणी त्या गाण्याचं नाव काढलं की ऑब्रेचं तोंड वाकडं. आजारी होतो तेव्हा मी, म्हणायचा. मग बरा झाला आणि आमचं वाटोळं केलं.

आमच्यासारख्या बँडांत तेव्हा एक रीत होती. कार्यक्रमाच्या मध्यावर ड्रमवाल्याचा सोलो. तो एकटा बडवत बसणार, बाकीचे आत जाऊन बिअर पिणार. सोलो संपवायची खूण ठरलेली असायची. आमच्याकडे ती खूण म्हणजे तेच सरळ चार ठोके. ते ऐकू आले की आम्ही ग्लास ठेवून बाहेर यायचो, गाणं सुरू व्हायचं आणि हॉल उठून उभा राहायचा. लोक तिकीट काढायचे ते त्या क्षणासाठी. ऑब्रेला हे कळत नव्हतं असं नाही. त्याला ते सहन होत नव्हतं. म्हणून तो क्षण जितका लांबवता येईल तितका लांबवायचा, आणि आम्ही आत बसून डुकराच्या मांसाची एकेक कचोरी जास्त खायचो.

दुसरी रीत दौऱ्याच्या शेवटच्या रात्रीची. त्या रात्री एकमेकांची टर उडवायची, आणि बळीचा बकरा बहुतेक वेळा ड्रमवाला. त्याच्या मोठ्या ड्रममध्ये खारवलेले मासे कोंबायचे, वरच्या कातड्यावर टाल्कम पावडर टाकायची. अठ्ठ्याहत्तर साली मात्र आम्ही कमाल केली होती. आमच्या गायकाने, मर्व्ह डॅब्सने, आवाज बदलून ऑब्रेला फोन केला, न्यूयॉर्कहून बोलतोय, आमच्या बँडला तुमच्यासारखाच माणूस हवाय. या शहाण्याने नवी सूटकेस घेतली आणि सकाळी स्टेशनवर हजर झाला. फलाटावर आम्ही सगळे रांगेने उभे, सामान उचलणारी पोरंसुद्धा. मर्व्हने रुमाल हलवला. मला अजून हसू येतं.

तर एकोणऐंशी साल, दौऱ्याची शेवटची रात्र, वुल्व्हरहॅम्प्टनचा मोठा हॉल. पडदा बाजूला करून ऑब्रेने बाहेर पाहिलं आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला. तिसऱ्या रांगेत हॉलिस ब्रॅकेट बसला होता. शिकागोचा पियानोवाला, फ्यूजनवाल्यांचा देव. ऑब्रे त्याच्या रेकॉर्डी झिजेपर्यंत ऐकायचा. ब्रॅकेटचा ड्रमवाला त्याला सोडून गेला होता आणि तो नवा शोधतोय, ही बातमी सगळीकडे होती. ऑब्रे आमच्याकडे वळून म्हणाला, आज कोणी माझ्या मध्ये येऊ नका. जसं काही आम्ही रोज येतच होतो.

सोलो सुरू झाला, आम्ही आत गेलो. कचोऱ्या खाऊन झाल्या, बिअर झाली, मर्व्हची एक डुलकी झाली. बाहेर सतराचे तुकडे, त्याचे उपतुकडे, काशाच्या झांजांचा पाऊस. चार काही येईनात. हॉलमधून कोणीतरी शिट्टी मारली, ती कौतुकाची नव्हती. मी हवा खायला मागच्या बोळात आलो, तर समोरून हॉलिस ब्रॅकेट काठी टेकत येतोय.

"तुम्ही बेस वाजवता ना?" त्याने विचारलं.

मी हो म्हणालो.

"तुमच्या त्या गाण्यात ड्रम याच माणसाने वाजवलाय?"

मी पुन्हा हो म्हणालो.

"मी तेवढ्यासाठी आलोय हो," तो म्हणाला. "सतरा मोजणारी पोरं माझ्या गल्लीत पैशाला पासरी आहेत. चार धरणारा मिळत नाही. मघापासून वाट बघतोय, चार काही येत नाहीत."

त्याचा पाय सुजला होता, अजून थांबणं त्याला जमत नव्हतं. तो हॉटेलवर जायला निघाला. सकाळी तुमचं सामान बांधायच्या आत परत येईन, म्हणाला. हॉलमध्ये पियानो होता. ऑब्रेने यायचं, त्याच्याबरोबर फक्त सरळ चार वाजवायचे, आणि तसे वाजले तर जागा त्याची. मी म्हटलं, थांबा, तुम्हीच त्याला भेटून सांगा. तो हसला. भेटलो तर तो बोलत बसेल, म्हणाला, मला बोलणं ऐकायचं नाही.

मी धावत स्टेजच्या कडेला गेलो. ऑब्रेच्या नजरेसमोर उभा राहून चार बोटं दाखवली. एकदा, दोनदा, चांगली पाच-सहा वेळा. त्याने माझ्याकडे पाहिलं, ओठ मुडपले आणि सतराचा नवा फेरा सुरू केला. शेवटी हात भरून आले तेव्हा त्याने चार ठोके दिले, तेही कुणीतरी उष्टं ताट सारावं तसे. तिसऱ्या रांगेतली खुर्ची तोवर रिकामी झाली होती.

कपडे बदलायच्या खोलीत तो टॉवेल गळ्यात टाकून बसला होता. डोळ्यांत चमक.

"कुठल्या तुकड्याला उठला तो?" त्याने मला विचारलं. "फार झालं ना त्याला?"

मी त्याला सगळं सांगितलं. ब्रॅकेट बोळात भेटला, काय म्हणाला, सकाळी कुठे यायचं, काय वाजवायचं. एक शब्द इकडचा तिकडे केला नाही. ऑब्रे ऐकत होता, आणि त्याच्या डोळ्यांतली चमक हळूहळू जात होती. तेवढ्यात मर्व्हला वाटलं की मी दरवर्षीचा खेळ मांडलाय. तो मांडीवर थाप मारून म्हणाला, "जा ऑब्रे, जा. सूटकेस आहेच तुझ्याकडे." सगळी खोली हसली.

"मर्व्ह, गप्प बस," मी म्हणालो. "हे खरंय."

"हॉलिस ब्रॅकेट," ऑब्रे सावकाश म्हणाला, "माझ्याकडून चार ठोके ऐकणार. निदान थाप तरी मला शोभेल अशी मारायची, विल्फ."

"अरे गाढवा, तुला आयुष्यात एकदाच काहीतरी मिळतंय," मी म्हणालो. "उद्या ये आणि तापात वाजवलंस तसं वाजव."

बस्स, तिथेच संपलं. तो उठला, बूट घातले आणि गेला. जाताना म्हणाला, उद्या हॉलमध्ये रांगेने उभे राहा, मी येणार नाही.

सकाळी मी पोरांना ड्रम हलवू दिले नाहीत. ब्रॅकेट आला, कोट न काढता पियानोवर बसला. मी ऑब्रेच्या घरी फोन केला, तर त्याने माझा आवाज ऐकताच ठेवून दिला. पुन्हा केला, तर उचललाच नाही. परत आलो तेव्हा ब्रॅकेट एका हाताने हळू काहीतरी वाजवत होता आणि रिकाम्या ड्रमकडे बघत होता.

"त्यांना नकोय का जागा?"

"त्याला वाटतंय आम्ही चेष्टा करतोय," मी म्हणालो.

"चेष्टा? कसली?"

"तुम्हाला चार ऐकायचे आहेत, याची."

त्याला ते समजायला वेळ लागला. मग त्याने पियानोचं झाकण बंद केलं, काठी घेतली, माझ्याशी हात मिळवला आणि गेला. पुढच्याच महिन्यात त्याने कार्डिफच्या नाचघरात वाजवणारा कोणी माणूस उचलला. वर्षभरात दोघांची रेकॉर्ड आली. पहिल्या गाण्यापासून शेवटच्या गाण्यापर्यंत सरळ चार. दुकानादुकानांत तीच वाजत होती, आणि कार्डिफवाल्याचा ठेका ऑब्रेच्या तापातल्या ठेक्याच्या पासंगालाही पुरणारा नव्हता.

ती रेकॉर्ड आली त्याच आठवड्यात ऑब्रे आमच्या दारात उभा राहिला. ग्लेनिसने त्याला आत घेतलं, चहा दिला. मी समोर बसलो.

"खरंच आला होता तो सकाळी?"

"आला होता. कोट घालून बसला होता."

"तू मला नीट सांगायला हवं होतंस, विल्फ."

"शब्दन् शब्द सांगितला होता."

"शब्द सांगितलेस," तो म्हणाला. त्याचा चेहरा बघवत नव्हता. "पण त्याच आवाजात. सहा वर्षं तू माझ्याशी ज्या आवाजात बोललास, त्याच. मी कशावरून ओळखायचं?"

ग्लेनिस माझ्याकडे बघत राहिली. मी काहीतरी बरं बोलावं असं तिला वाटत होतं. पण मला दिसत होती ती टॉवेल टाकून बसलेली स्वारी, आणि तो मुडपलेला ओठ.

"तुझ्यासाठी माझ्याकडे तेवढा एकच आवाज आहे," मी म्हणालो.