नागेशचं मोडलेलं लग्न

लासुर्ण्याच्या नागेशचे दात पुढं होते, कान बाजूला होते आणि तो रडायला लागला की माणसं पोट धरून हसायची. गावच्या नाटकात पुण्याच्या एका दिग्दर्शकानं त्याचं हे रडणं पाहिलं आणि त्याला सिनेमात घेतलं. भूमिका नवरदेवाची होती. मात्र नवरी त्याला मांडवात टाकून हिरोबरोबर पळून जायची.

सिनेमा चालला. मग ज्याला त्याला तसाच नवरदेव हवा झाला. पुढच्या सिनेमात नवरी मोटारसायकलवरून पळाली, त्याच्या पुढच्यात ट्रॅक्टरवरून. टीव्हीच्या एका मालिकेत तर नागेश दर आठवड्याला मुलगी बघायला जायचा आणि दर आठवड्याला नकार घेऊन यायचा. बारामतीच्या स्टँडवर माणसं विचारायची, "काय नागेशराव, जमलं का न्हाय अजून?"

खरी अडचण पुढंच होती. जळोचीच्या बालवाडीत शिकवणारी सुकन्या त्याला आवडली आणि तिलाही तो पसंत पडला. पण सुकन्याला लहानाची मोठी केली होती तिच्या आत्यानं, रंगुबाईनं. तरुणपणी मेंढरांमागं हिंडलेली बाई, शिवाराच्या त्या टोकाला हाक पोचायची तिची. नागेश घरी गेला तसं तिनं पाण्याचा तांब्याही पुढं केला नाही.

"ज्याचं लगीन एवढ्यांदा मोडलं, त्याला पोरगी द्यायची व्हय?"

"आत्याबाई, तो सिनेमा होता."

"मांडवात नवरा म्हणून कोण उभं हुतं?"

"मीच, पण..."

"मग झालं तर! म्या डोळ्यानं बघितलंय."

सुकन्यानं हसू दाबलं. ती म्हणाली, "आत्या, भिगवणला त्यांचं शूटिंग हाय. सगळं खोटं असतं, तू एकदा बघच."

भिगवणला धरणाच्या पाण्याकडेला मांडव घातला होता. रंगुबाईचं हिरवं नऊवारी लुगडं आणि ठसठशीत कुंकू बघून दिग्दर्शकानं तिलाच वऱ्हाडात पुढं बसवलं आणि हातात अक्षता दिल्या. सुकन्या कॅमेऱ्यामागं गर्दीत उभी राहिली.

नवरी झालेल्या पायलनं अंतरपाट बाजूला सारला, नागेशकडं बघितलं आणि हार पाण्यात भिरकावला. "ह्या ध्यानाशी लग्न? त्यापेक्षा धरणात उडी मारीन!" एवढं म्हणून ती हिरोच्या होडीत बसली. नागेश रडला. लोक हसले. होडी कॅमेऱ्याच्या टप्प्याबाहेर गेली म्हणून शॉट पुन्हा घेतला. पुन्हा हार, पुन्हा रडणं, पुन्हा हसणं. या खेपेला कॅमेऱ्यापुढं कावळा आला.

नागेशनं घाम पुसला. सुकन्या बघत होती, आणि आज त्याला ते हसणं टोचत होतं.

तिसऱ्यांदा पायल म्हणाली, "...धरणात उडी मारीन!"

"मार की!" रंगुबाई उठून उभी राहिली. "कोण धरतंय तुला?"

दिग्दर्शकानं 'कट' म्हणायला उघडलेलं तोंड तसंच मिटलं.

"काय वाईट हाय गं ह्या पोरात? दात जरा पुढं हायत, पण हसताना बरं दिसतंय. मघापासनं रडवतीयास त्याला! तुला नको तर नको, आमची सुकन्या हाय!" हातातल्या सगळ्या अक्षता तिनं नागेशच्या डोक्यावर उधळल्या.

पायल घाबरून होडीत बसायचं विसरली. नागेश भूमिका विसरला आणि रंगुबाईच्या पाया पडून खरंखुरं रडला. लोक नेहमीपेक्षा जास्त हसले. पलीकडं सुकन्या पदरात तोंड लपवून हसत होती की रडत होती, तिलाच ठाऊक.

दिग्दर्शकानं तो प्रसंग तसाच ठेवला. त्याच उन्हाळ्यात लग्न झालं. इंदापूरच्या टॉकीजला सिनेमा लागला, तेव्हा नागेश रडायला लागला की लोक हसायचे, पण रंगुबाई उठली की शिट्ट्यांनी पत्रा दणाणायचा. नागेशला अभिमान वाटला, आणि खरं सांगायचं तर थोडं पोटातही दुखलं.

पुढच्या सिनेमासाठी दिग्दर्शक जीप घेऊन थेट जळोचीला आला. सासूचं काम होतं, जावयाला घरभर पळवणारी सासू. रंगुबाईनं नीट ऐकून घेतलं.

"येते. पर म्हशीच्या धारंच्या वक्ताला घरी सोडायचं."

दिग्दर्शक कबूल झाला. रंगुबाई पदर खोचून पुढच्या सीटवर बसली. नागेशला मागं लाईटच्या खोक्यांवर बसावं लागलं.

"नीट धरून बसा, जावईबापू," ती पुढूनच ओरडली, आणि जीप निघाली.