फेकून दिलेली चाळीस मिनिटं

दिग्दर्शिकेची ख्यातीच होती. तिच्या माहितीपटात गरीब माणूस रडल्याशिवाय सुटत नसे, आणि प्रेक्षकही. यावेळी तिने हॉस्पिटलच्या तळघरातल्या धुलाईखान्यात अकरा वर्षं इस्त्री करणाऱ्या मावशींना गाठलं होतं. त्यांना स्टुलावर बसवलं, गेलेल्या नवऱ्याबद्दल डोळे भरेपर्यंत विचारलं आणि मागे बासरी लावली. मग मोठ्या कौतुकाने ती आठ मिनिटं मावशींना दाखवली.

"ही बाई कोण?" मावशींनी विचारलं.

"मावशी, तुम्हीच की."

"मग मी दिवसभर नुसती बसून रडते होय?" मावशी ओशाळून हसल्या. "हे पडद्यावर दाखवाल त्या कार्यक्रमाला माझी लेक यायची आहे, कॉलेजच्या मैत्रिणींना घेऊन. त्यांच्यासमोर मला एवढी बिचारी करू नका हो."

दिग्दर्शिका चपापली. दाखवायला तिच्याजवळ दुसरं होतंच काय?

"आहे की," कोपऱ्यातून ध्वनिमुद्रक काका म्हणाले. "परवा आपण चहाला गेलो आणि तू कॅमेरा बंद करायला विसरलीस. चाळीस मिनिटं. तू ती फेकून दिलीस."

"त्यात काही घडतच नाही, काका."

"तू प्रश्न विचारत नव्हतीस ना, म्हणून तुला तसं वाटतं. जरा तोंड मिटून बघ तरी."

तिने नाइलाजाने टाकाऊ चित्रणातून ती चाळीस मिनिटं शोधून लावली. मावशी रुग्णांच्या गाऊनना इस्त्री करत होत्या. गाऊन उलटायचा, पाठीवरच्या नाड्या एकेक ओढून बघायच्या, मगच घडी. एक नाडी हातात आली. तो गाऊन बाजूला गेला. असे सात जमले. जेवणाची सुट्टी झाली, बाकीच्या बायका उठल्या. मावशींनी मात्र सुईदोरा काढला, सातही गाऊनना नाड्या शिवल्या आणि पुन्हा ओढून पाहिल्या.

"हे तुम्हाला कुणी सांगितलंय?" दिग्दर्शिकेचा आवाज अगदी खाली आला होता.

"सांगायचंय काय त्यात? माणूस आधीच घाबरलेला असतो. चार पावलं चालायला उठला आणि मागून उघडा पडला तर? आजारपणात निदान लाज तरी झाकलेली असावी."

दिग्दर्शिका थक्क झाली. रोजचे दोनशे गाऊन, अकरा वर्षं! वरच्या मजल्यांवरून किती माणसं अब्रूनिशी चालत गेली असतील, आणि त्यांतल्या एकालाही ही बाई ठाऊक नाही! आपण हिला रडवायला निघालो होतो, याची तिला मनापासून शरम वाटली.

बासरी गेली, आसवं गेली. ती चाळीस मिनिटं जशीच्या तशी पडद्यावर आली. सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही. मावशींच्या लेकीने अंधारात आईचा हात ओढून घेतला आणि बोटांवरच्या सुईच्या खुणा चाचपत राहिली.

मित्रहो, कीव करायला दोन क्षण पुरतात, आणि ती करून आपण मोकळे होतो. ज्याच्याकडे कुणी बघत नाही, त्याच्या कामाकडे एकदा गप्प बसून बघा. मान आपोआप झुकेल.