अकरा सेकंदांचं 'तुम्ही'

दृश्य ६१, कागदावर

वकिलाची कचेरी. तीस वर्षं एकत्र बेकरी चालवलेलं जोडपं घटस्फोटाला बसलंय. बायको कागद पुढे सरकवते. "तुम्ही इथे सही करा."

तीस वर्षांत पहिल्यांदा 'तुम्ही'.

नवरा मागे वळून बघतो, ही कोणाशी बोलतेय म्हणून. अकरा सेकंद शांतता.

दृश्य ६१, संकलनाच्या टेबलावर

"हे काढ," निर्माता तिबो मला म्हणाला. मी संकलक.

"ती हात लावणार नाही," माझ्याकडे बोट दाखवत दिग्दर्शक सोलांज म्हणाली.

सोलांज कास्तानूनं सव्वीस वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांना विनोद लिहून दिले. तिचे स्वतःचे दोन सिनेमे फ्रान्सच्या रिवाजाप्रमाणे बुधवारी लागले आणि पुढचा बुधवार यायच्या आत उतरले. हा तिसरा. हाही उतरला तर चौथा मिळणार नाही, हे आम्हा तिघांनाही ठाऊक होतं.

"अकरा सेकंद कोणी बोलत नाही. लोकांना वाटेल, ऑपरेटर झोपला."

"वाटू दे. मग हसतील."

"तुझ्या मागच्या दोन्ही सिनेमांना लोकच झोपले होते."

"तू पहिल्या रांगेत घोरत होतास, म्हणून जागे झाले."

शेवटी ठरलं: लिमोज शहरात प्रदर्शनाआधीचा खेळ आहे. तिथे हशा आला नाही, तर ६१ जाणार.

दृश्य ६१, लिमोज, रविवार दुपार

"तुम्ही इथे सही करा." नवरा वळला. एक बाई खोकली.

अकरा सेकंद.

"मंगळवारी कापून पाठव," एवढंच म्हणून तिबो सिगारेट ओढायला गेला.

सोलांज दारात उभी राहिली आणि बाहेर पडणाऱ्यांना अडवू लागली. "माफ करा, त्या कचेरीत बायको सही करा म्हणते, ते कोणाला?"

"दोघांना ना? नवऱ्याला आणि त्याच्या वकिलाला," रेनकोटवाली बाई म्हणाली.

आठ जणांना विचारलं. सहा जणांचं तेच उत्तर.

नवऱ्याच्या खांद्यामागे वकील बसला होता. 'तुम्ही' दोघांवर वाटलं गेलं. नवरा वळला तेव्हा तिथे खरंच एक माणूस होता.

"सव्वीस वर्षं शब्द घासले," सोलांज म्हणाली, "आणि खुर्ची बघितली नाही. चल."

दृश्य ६१, टाकून दिलेले टेक

नऊ टेक. आठांत वकील. चौथ्यात मात्र शिंका येतात म्हणून तो नट बाहेर पळाला होता. मी त्यावर 'बाद' लिहिलं होतं. मागे रिकामी खुर्ची. पण बाहेरची एक शिंक नेमकी 'तुम्ही'वर पडलेली. शब्द सातव्या टेकमधून उचलला. ओठ जुळेपर्यंत तिनं मला उठू दिलं नाही.

मंगळवारी ६१ न कापताच पाठवलं, तसा तिबोचा फोन आला. तिनं स्पीकर लावला.

"मादाम, तुम्ही दिलेला शब्द विसरताय."

वीस वर्षं 'तू' म्हणणारा माणूस. सोलांजनं वळून माझ्याकडे पाहिलं. "तुझ्याशी बोलतोय का गं हा?"

मला हसू आवरेना. मग पलीकडून नाकातून फुस्स असा आवाज आला.

"आंजे शहरात," तिबो म्हणाला. "गुरुवारी. एकच खेळ, सोलांज. आणि तू माझ्या शेजारी बसायचं नाहीस."

दृश्य ६१, आंजे

नवरा वळला. रिकामी खुर्ची. आधी मागच्या रांगेतून कोणीतरी हसलं, मग डावीकडून, मग सगळं थिएटर. तिबोचे खांदे हलत होते.

दिवे लागल्यावर तो आमच्याकडे आला. "बरं. राहू दे ६१."

"असं नाही राहायचं," सोलांज म्हणाली. "नवऱ्याचं पुढचं वाक्य हशात बुडालं. मला पंधरा सेकंद हवेत."

तिबोनं माझ्याकडे पाहिलं. मी पेन्सिल शोधत होते.